नवीन ब्रेसेस लागल्यात, मुलीला खायला काय देऊ?

ताई, तुमचा प्रश्न पूर्ण वाचला. 13 वर्षांच्या मुलीला सोमवारी वर-खाली दोन्हीकडे तारा लावल्या, मंगळवारपासून तिला पोळी चावताच येत नाहीये, गेले तीन दिवस ती मिल्कशेक, आईस्क्रीम, चहात बुडवलेली बिस्किटं आणि आजीने केलेला शिरा यावरच आहे, उद्यापासून शाळेत डबा न्यायचाय, त्यात आमटी खाल्ल्यावर तारेवरचे पारदर्शक रबर पिवळे पडले म्हणून ती रडवेली झालीय, आणि हे असं किती दिवस चालणार असं तुम्ही विचारलंय. मी ऑर्थोडॉन्टिस्ट आहे, तारा लावणं हेच रोजचं काम, त्यामुळे जरा सविस्तर लिहितो.

तुमच्या एका प्रश्नात खरं तर दोन प्रश्न आहेत. पहिला, दुखतंय तोपर्यंत पोट कसं भरायचं, हा फार तर आठवडाभराचा प्रश्न. दुसरा, तारा तोंडात आहेत तोपर्यंत म्हणजे साधारण दीड-दोन वर्षं काय जपून खायचं. पहिल्याचं उत्तर "मऊ खा" असं आहे. दुसऱ्याचं उत्तर ते नाहीये, तिथे मऊ-कडकपेक्षा चिकट काय, गोड काय आणि कडक काय हे बघावं लागतं. बहुतेक घरांत हे दोन्ही एकत्र होतात, मग पहिल्या आठवड्यासाठी म्हणून सुरू केलेले शेक आणि बिस्किटं तशीच पुढे चालू राहतात, आणि नुकसान होतं ते तिथे. त्यामुळे तुमच्या यादीत मला काळजी दुखण्याची नाही वाटली, त्या यादीतला जवळजवळ प्रत्येक पदार्थ गोड आहे याची वाटली.

आधी दुखतं का ते बघू, म्हणजे काय द्यायचं ते तुमचं तुम्हालाच ठरवता येईल. दात हाडात थेट रुतलेला नसतो, मुळाभोवती एक अगदी पातळ पडदा असतो, मिलिमीटरच्या पाचव्या हिश्श्याएवढा जाड, त्याच्या धाग्यांवर दात टांगलेला असतो. तार दाताला ढकलते तेव्हा एका बाजूला तो पडदा दाबला जातो, दुसऱ्या बाजूला ताणला जातो, तिथे सूज आल्यासारखं होतं, मग दाबलेल्या बाजूचं हाड हळूहळू विरघळतं आणि ताणलेल्या बाजूला नवीन हाड भरतं, दात सरकतो तो असा. म्हणजे ही सूज काही बिघडल्याची खूण नाही, कामाचाच भाग आहे. फक्त त्या सुजलेल्या पडद्यावर चावताना वरून दाब आला की कळ येते. लावल्या लावल्या काही वाटत नाही, मूल क्लिनिकमधून हसत घरी जातं, चार-सहा तासांनी ठणका सुरू होतो, दुसऱ्या दिवशी सगळ्यात जास्त असतो, तिसऱ्या दिवसापासून उतरायला लागतो आणि पाच ते सात दिवसांत बहुतेक मुलं पोळीवर येतात. तुमच्या मुलीचा सगळ्यात वाईट दिवस मंगळवार होता आणि तो होऊन गेलाय, त्यामुळे जीव भांड्यात पडू द्या.

आता हे सगळं सरसकट सगळ्यांना लागू नाही. दाढांवर निळे किंवा पांढरे छोटे उंचवटे चिकटवलेत का ते तिच्या तोंडात बघा. समोरचे दात खोलवर एकमेकांवर येत असतील तर आम्ही ते लावतो, म्हणजे खालच्या ब्रॅकेटवर (दाताला चिकटवलेला छोटा ठोकळा, ज्यात तार बसते) वरचे दात आपटत नाहीत. ते असतील तर तोंड मिटल्यावर फक्त त्या दोन ठिकाणीच दात टेकतात, बाकी दात एकमेकांना लागतच नाहीत, मग न दुखताही घास चावला जात नाही आणि सवय व्हायला दोन-तीन आठवडे लागतात. अशा मुलांना मऊ जेवण जास्त दिवस लागतं आणि "नाटक करतेय" म्हणून ओरडू नये. दुसरं म्हणजे जागा करायला दात काढलेत का, काढले असतील तर पहिल्या दिवशी गरम काही नाही, स्ट्रॉ नाही, जोरात चूळ भरून थुंकणं नाही, कारण त्या खड्ड्यात धरलेली रक्ताची गाठ निघाली की ते दुखणं तारेच्या दुखण्यापेक्षा कितीतरी वाईट. टाळूला स्क्रू (वरचा जबडा रुंद करायचं साधन) असेल तर त्यात अन्न अडकून बसतं, तिथे पातळच बरं पडतं. तुमच्या प्रश्नात यातलं काही नाही म्हणून साध्या तारा आहेत असं धरून पुढचं लिहितोय.

मी पालकांना एक सोपी परीक्षा सांगतो. घास जिभेने टाळूला दाबून मोडतो का ते बघा. मोडला तर पहिल्या दोन-तीन दिवसांत चालेल, नाही मोडला तर अजून थांबा. गुरगुट्या भात मोडतो, दहीभात मोडतो, ब्रेड मोडत नाही, त्याचा गोळा होतो आणि तो तारेत जाऊन बसतो, म्हणून ब्रेड मऊ वाटला तरी या यादीत बसत नाही. पावाचंही तेच.

आणि यासाठी वेगळं काही करायची गरज नाही हो, आपल्याकडे आजारी माणसासाठी जे जे करतात ते सगळं इथे चालतं. मुगाच्या डाळीची खिचडी घ्या. एक वाटी तांदूळ, एक वाटी मूगडाळ, सहा-सात वाट्या पाणी, कुकरला एरवीपेक्षा दोन शिट्ट्या जास्त आणि वाफ आपोआप जाऊ द्यायची. तूप, जिरं आणि हिंग एवढीच फोडणी. मोहरी, कढीपत्ता, मिरचीचे तुकडे नकोत, मोहरीचा दाणा ब्रॅकेटच्या कडेला जाऊन बसला की तिला जिभेला सारखा लागत राहतो आणि ती बोटाने, पिनेने काढायला जाते. सोबत घट्ट कढी किंवा ताक. उपम्याचं पण असंच आहे, उपमा मऊच असतो पण फोडणीतली हरभऱ्याची आणि उडदाची डाळ हे त्यातले खडे आहेत, दुखऱ्या दाताखाली एक डाळ आली की मूल पुढचा घासच घेत नाही, आणि आईला वाटतं उपमासुद्धा चालत नाही. डाळ आणि काजू काढून करून बघा, चालतो. पोह्यांत शेंगदाणे नकोत आणि पोहे जरा जास्त भिजवा. शेवयांचा उपमा मात्र मी टाळायला सांगतो, लांब शेवई तारेभोवती गुंडाळली जाते. पालेभाजीतही हाच त्रास, मेथी-पालकाचे दोरे तारेमागे अडकतात आणि अर्धा घास गिळला गेलेला, अर्धा तारेत, मुलं फार वैतागतात. पालेभाजी द्यायची तर डाळीत घोटून, मिक्सरमधून काढून.

बाकी वरणभात तूप, पातळ पिठलं आणि भात, सांजा, इडली सांबारात बुडवून, नाचणीची आंबील, कुस्करलेलं बटाटं किंवा रताळं, लाल भोपळ्याची मऊ भाजी, हे सगळं चालतं. भाकरी ताज्या दुधात किंवा आमटीत कुस्करून द्या, मऊ होऊ द्या पाच-दहा मिनिटं. अंडं खात असाल तर भुर्जी किंवा उकडलेलं अंडं कुस्करून, भुर्जीत कांदा नीट शिजलेला हवा. मासे खाणाऱ्या घरांत सुरमई, रावस अशा मोठ्या काट्याच्या माशाचा रस्सा आणि त्यातला काटे काढलेला मऊ भाग चालतो, बारीक काट्यांचे मासे थोडे दिवस नकोत. चिकन खायचं तर खिमा किंवा सूप, तंगडी हातात धरून ओढणं हे तारा निघेपर्यंत विसरायचं. फळांत पपई, केळं, पिकलेला चिकू, आंब्याचा रस. सफरचंद वाफवून.

प्रथिनांकडे लक्ष द्या, ते सांगितल्याशिवाय पुढे जाववत नाही. या वयाच्या मुलीला दिवसाला साधारण 43 ग्रॅम प्रथिनं लागतात, तिची वाढ चालू आहे, आणि तोंडात हाड मोडून नवीन हाड तयार व्हायचं काम आता सुरू झालंय. पेलाभर दुधात सहा-सात ग्रॅम असतात, एका अंड्यात सहा, 100 ग्रॅम पनीरमध्ये साधारण 18. शिरा आणि बिस्किटांनी पोट भरतं पण यात फारसं काही जमा होत नाही. म्हणून खिचडीत डाळ तांदळाच्या बरोबरीने घालायला सांगितली. पनीर किसून, कोमट दुधात किंवा डाळीत मिसळून द्या, दह्याचं प्रमाण वाढवा. नाचणीचं मी मुद्दाम सांगतो कारण 100 ग्रॅम नाचणीत साडेतीनशे मिलिग्रॅमच्या आसपास कॅल्शियम असतं आणि ताकातली आंबील गोड न करता आवडीने खाता येते. आठवड्याभरात एखाद किलो वजन कमी झालं तर घाबरू नका, भरून निघतं, पण दोन-तीन आठवडे जेवण अर्ध्यावरच असेल तर तुमच्या डॉक्टरांना सांगा.

डब्याचं. उद्याच्यासाठी सांगायचं तर मुगाचं मऊ धिरडं किंवा घावन, तव्यावर झाकण ठेवून केलेलं, कडा कुरकुरीत न होऊ देता, आणि घरीच नखाएवढे तुकडे करून द्या. नाहीतर इडली आणि पातळ चटणी. पोळीच द्यायची तर तूप लावून, गरम असतानाच कुस्करून, वरून दोन चमचे दूध किंवा पातळ वरण, म्हणजे मधल्या सुट्टीपर्यंत ती मुरते. चमचा छोटा द्या. मुली डबा खाताना मैत्रिणी बघतील म्हणून लाजतात आणि न खाताच परत आणतात, तुकडे आधीच केलेले असले की तोंड मोठं उघडून तोडावं लागत नाही, म्हणून हे मला चवीपेक्षा महत्त्वाचं वाटतं. समोरच्या दातांनी तोडायचं नाही आणि घास मागे दाढेकडे न्यायचा, एवढी सवय पहिल्या आठवड्यात लागली ना की पुढची दीड वर्षं ब्रॅकेट निघण्याचा त्रास खूप कमी होतो.

आता त्या गोड यादीकडे येतो. ब्रॅकेट लागल्यावर दातावर जिथे आधी जीभ आणि ओठ पुसून काढत होते तिथे आता कोपरे झालेत, त्यात अन्न बसतं. जंतूंना साखर मिळाली की ते आम्ल बनवतात, आणि ते आम्ल लाळेने शमायला साधारण अर्धा-पाऊण तास लागतो. म्हणजे तिने शेक पाच मिनिटांत पिऊन टाकला तर एकदाच मार बसतो, पण अभ्यास करता करता दोन तास घोट घोट पीत राहिली तर दोन तास दात आम्लात. चहात बुडवलेलं बिस्कीट तर लगदा होऊन ब्रॅकेटच्या भोवती चिकटूनच बसतं, चूळ भरून निघत नाही. अशाने ब्रॅकेटभोवती खडूसारखे पांढरे डाग येतात, काही मुलांत महिन्याभरातच दिसायला लागतात, आणि तारा काढल्यावर सरळ दातांवर मधे ब्रॅकेटच्या आकाराची स्वच्छ जागा आणि भोवती पांढरी चौकट असं दिसतं. दात सरळ करायला आलेल्या मुलीला ते बघावं लागणं मला मनापासून वाईट वाटतं, कारण ते पूर्णपणे टाळता येण्यासारखं असतं. डाग थोडे फिके होतात पण पूर्ण जातीलच असं नाही.

म्हणून आईस्क्रीम दिलंत त्यात गैर काही नाही, गार असल्याने बरं वाटतं, पण ते जेवणानंतर लगेच द्या, मधेमधे नको. शेक हवाच असेल तर साखर न घालता, केळ्याचाच गोडवा पुरे होतो. आजींना सांगा शिरा करा पण तिखटमिठाचा सांजा आलटून पालटून करा, प्रेम तेवढंच पोचतं. काहीही खाल्लं की पाण्याने खळखळून चूळ, शाळेतही, आणि रात्रीचा ब्रश अजिबात चुकवायचा नाही. दुखतंय म्हणून मुलं ब्रश टाळतात, तर अगदी मऊ ब्रश घ्या, कोमट पाण्यात बुडवा, हिरडी आणि ब्रॅकेटच्या मधल्या पट्टीवर हळूहळू फिरवा, आणि तारेखालून जाणारा छोटा बाटलीच्या ब्रशसारखा ब्रश मिळतो तो आणा. पेस्टच्या ट्यूबवर फ्लोराइड लिहिलंय का बघा, साधारण 1000 पीपीएम असावं. बऱ्याच घरांत आयुर्वेदिक म्हणून जी पेस्ट वापरतात तीत फ्लोराइड नसतं, तारा आहेत तोवर तरी बदला.

पिवळ्या रबरांचं तिला समजावून सांगा की दात पिवळे झालेले नाहीत, ब्रॅकेटही नाही, फक्त ते छोटे रबर हळद शोषतात. दर चार-सहा आठवड्यांनी तार बघायला जाल तेव्हा ते बदलतात. पुढच्या वेळी पारदर्शक किंवा पांढरे न घेता राखाडी, निळे, जांभळे घ्यायला सांगा, त्यावर हळद फारशी दिसत नाही. तोपर्यंत हळद न घातलेली खिचडी, दहीभात, कढी असं चालवता येईल, पण केवळ रबरासाठी वरण बंद करू नका.

ठणक्यासाठी, सुरुवातीची तार बारीक असते, निकेल-टायटॅनियमची, आणि यातल्या बऱ्याच तारा तोंडाच्या उष्णतेला जास्त जोर लावतात, गार झाल्या की सैल पडतात. म्हणून गार पाणी तोंडात थोडा वेळ धरलं की बरं वाटतं. गार ताकही चालेल. बर्फ मात्र चावायचा नाही. गोळी लागलीच तर पॅरासिटामॉल, डोस वजनाप्रमाणे असतो तो तुमच्या डॉक्टरांना विचारून घ्या. आयब्युप्रोफेनसारख्या सूज उतरवणाऱ्या गोळ्या मी दिवसेंदिवस घेऊ देत नाही, कारण दात सरकायला जी सूज लागते तीच त्या कमी करतात. गालाला आतून तार किंवा ब्रॅकेट घासत असेल तर क्लिनिकमधून दिलेलं मेण वाटाण्याएवढं घ्या, ब्रॅकेट टिश्यूने कोरडा करून मग दाबा, ओल्यावर चिकटत नाही. कोमट मिठाच्या पाण्याने दिवसातून दोन-तीनदा चुळा.

आठवडा झाला की तिला हळूहळू नेहमीच्या जेवणावर आणा, घाबरवत ठेवू नका. पोळी-भाजी, उसळ (नीट शिजलेली), वरणभात, सगळं. हलकं चावायला लागलं की उरलेलं दुखणंही लवकर जातं असा माझा अनुभव आहे, महिना महिना लगदा खाणाऱ्या मुलांचं दुखणं उगाच लांबतं. यापुढे टाळायचं ते कडक आणि चिकट. चिक्की, ऊस, भाजलेले चणे-फुटाणे, सुपारी, कडक पेरू, टॉफी, च्युइंगम, मक्याचं कणीस दातांनी ओरबाडून (दाणे काढून उकडलेले चालतात), पॉपकॉर्न, कारण त्याची साल हिरडीत शिरली की सूज येते. आवळा आणि आंब्याच्या लोणच्यातली कोय. पेन-पेन्सिल चावायची सवय असेल तर तीसुद्धा, आमच्याकडे निघालेले कितीतरी ब्रॅकेट परीक्षेच्या दिवसांतले असतात.

सणावारी सगळं बंद असं करायची गरज नाही. उकडीचे मोदक चालतात, तळणीचे नकोत. पुरणपोळी दुधात चुरून चालते. दिवाळीत बेसनाचा किंवा रव्याचा लाडू फोडून खाता येतो, चकली, कडबोळी, कडक शंकरपाळे नाही. संक्रांतीला कडक तिळाची वडी सोडून मऊ लाडू, तोही बारीक फोडून, आणि नंतर ब्रश, तीळ तारेखाली फार अडकतात. उपासाला वरईचा भात आणि दाण्याची बारीक वाटलेली आमटी उत्तम, साबुदाण्याची खिचडी चिकट असते आणि कूट जाडसर असतं तर पहिल्या महिन्यात मी नकोच म्हणतो. वडापाव मागितला तर द्या, हाताने तोडून, सोबतची तळलेली मिरची आणि चुरा बाजूला ठेवून.

तार प्रत्येक वेळी बदलली किंवा आवळली की एक-दोन दिवस असंच थोडं दुखेल, पहिल्या वेळेइतकं नाही. ती अपॉइंटमेंट शनिवारी घेता आली तर बघा, आणि त्या रात्रीची खिचडी आधीच ठरवून ठेवा.

डॉक्टरांना फोन कधी करायचा तेही सांगतो. ब्रॅकेट सुटून तारेवर फिरत असेल, तारेचं टोक मागे गालात रुतत असेल, सात-आठ दिवसांनीही एखादाच दात ठणकत असेल किंवा रात्री झोपमोड होत असेल, हिरडी एका ठिकाणी फुगली असेल किंवा ताप आला असेल, तर पुढच्या तारखेपर्यंत थांबू नका. सुटलेला ब्रॅकेट गिळला गेला तर शक्यतो काही होत नाही, शौचावाटे निघून जातो, पण ठसका लागून खोकला थांबत नसेल किंवा श्वासाला त्रास वाटला तर ताबडतोब हॉस्पिटल. आणि उद्या सकाळी धिरडं खाताना तिला नक्की कुठे दुखतंय, पुढे की दाढेला, ते विचारून इथेच लिहा, दाढेला असेल तर ते उंचवटे आहेत का ते आधी बघावं लागेल.